तुळईवरचं भोकाचं नाणं

पॅरिस, १४ ऑक्टोबर १९५७

प्रिय क्लोतील्द,

तुझा लिफाफा मिळाला. आत पत्र नाही, नुसतं माझ्या कादंबरीच्या परवाच्या हप्त्याचं कात्रण आणि त्यावर तांबड्या पेन्सिलीने ओढलेल्या रेघा. शाळेत बाई वहीवर मारायच्या तशा. थोरल्या बहिणीने धाकट्या भावाशी बोलायची ही नवी तऱ्हा असेल तर माझी हरकत नाही. मी रेघांना उत्तरं देतो.

तुझं म्हणणं असं दिसतं की कादंबरीतला धारवाला गोंदार म्हणजे तुझा नवरा लेओन्स. उगाच मनाला लावून घेतेस. गोंदार फळीवर पालथा पडून दगडी चाकावर पाती घासतो आणि थंडीत ऊब राहावी म्हणून पायांवर कुत्रा बसवतो. अगं, आपल्या तिएर गावात धारवाला दुसरं करतो काय? बाबा असेच पडायचे. मी मिसरूड फुटायच्या आधीपासून पडलो. लेओन्स माझ्या शेजारच्या फळीवर पडायचा, तो अजून पडतोय. शिवाय गोंदारच्या कुत्र्याचं नाव मार्की, तुमच्याचं बारों. मार्की हा बारोंपेक्षा केवढा तरी मोठा सरदार. म्हणजे मी तुमच्या कुत्र्याला बढतीच दिली, पण आभार कुणी मानत नाही.

दुसरी रेघ, गोंदार धार कशी लागली ते हातावरचे केस भादरून बघतो. सगळेच बघतात.

तिसरी रेघ तू दोनदा ओढली आहेस. गोंदार तोंड उघडलं की आधी म्हणतो, “आता मी काय शहाणा माणूस नाही, पण...” हे वाक्य सबंध फ्रान्समध्ये लेओन्स एकटाच बोलतो असं तुला वाटतं का? आमच्या मंत्र्यांनीही ते बोलावं अशी माझी फार इच्छा आहे. ते बोलत नाहीत, ही गोष्ट वेगळी.

तेव्हा गोंदार कुणी नाही. मनातून काढलेला माणूस आहे. नोटरी मेला, त्याच्या छातीत सापडलेला चाकू गोंदारच्या हातचा आहे, एवढंच आतापर्यंत छापून आलंय. शेवटाला अजून महिन्याच्या वर अवकाश आहे. धीर धर.

आपल्या लोहार-धारवाल्यांच्या संत एल्वाच्या सणाला यंदा मिरवणुकीतलं धारवाल्यांचं निशाण लेओन्सकडे आलंय असं ऐकलं. आनंद वाटला. त्याच्याआधी ते ज्यांनी धरलं ती सगळी म्हातारी माणसं होती, हे त्याला माझ्या वतीने सांग. मी येतोच. जेवण तुझ्याकडे, मसूर आणि सॉसेज.

तुझा,
अन्सेल्म


पॅरिस, २३ ऑक्टोबर

क्लोतील्द,

तू लिहीत नाहीस, पण कॅफेवाल्या ओदीलचा फोन आला होता. ती माझ्यावर लहानपणापासून ओरडत आली आहे, तशीच ओरडली. जसं ऐकलं तसं लिहितो, म्हणजे मी काही लपवतोय असं तुला वाटायला नको.

“अन्सेल्म, काय करून ठेवलंस हे? परवा लेओन्स आत आला तर तो गवंडी फायार ओरडला, ‘चाकू मिटा रे, गोंदार आला!’ आणि सगळ्या टेबलांवरचे चाकू फटाफट मिटले. चीज तसंच ताटात!”

“मग लेओन्स काय म्हणाला?”

“त्या दिवशी हसला. दुसऱ्या दिवशी ग्लास अर्धा ठेवून उठला. आज आलाच नाही. आणि कमिटीला निरोप धाडलाय, निशाण दुसऱ्या कुणाला द्या म्हणून.”

“वेड लागलं का त्याला? गोंदारच खुनी कशावरून?”

“कशावरून म्हणजे? तूच लिहिलंस ना! इन्स्पेक्टर विचारतो, तुझा चाकू नोटरीकडे कसा? गोंदार म्हणतो, मी त्याला तो कधीच भेट दिला होता. मग नाणं कुठाय? सगळं गाव तेच विचारतंय, नाणं कुठाय? नाणं नाही म्हणजे भेट नाही, भेट नाही म्हणजे थाप, आणि थापा कोण मारतो? पॅरिसचं पाणी पिऊन तुझं डोकं गंजलं का रे?”

फोन ठेवला आणि मी तसाच उभा राहिलो. बायको म्हणाली, “कोण गेलं?” म्हटलं, कुणी नाही.

मी विसरलो होतो. आपल्या गावात चाकू भेट घेणाऱ्याने देणाऱ्याच्या हातावर नाणं ठेवायचंच, नाहीतर चाकू दोघांमधलं सगळं कापून टाकतो. बाकीच्या फ्रान्समध्येही हे करतात, पण हसत हसत, केलं तर केलं. आपल्याकडे नाणं दिल्याशिवाय चाकूला हात कोण लावतो? आणि धारवाला ते नाणं आपल्या फळीवरच्या तुळईला ठोकून ठेवतो. मी पॅरिसला निघालो त्या दिवशी लेओन्सने मला स्वतः घडवलेला चाकू दिला. मी खिशातलं भोकाचं नाणं दिलं. त्याने माझ्यासमोर ते ठोकलं आणि म्हणाला, “आता मी काय शहाणा माणूस नाही, पण भोकाचं दिलंस ते बरं केलंस. खिळा वाकत नाही.”

हो, हे वाक्य त्याचंच. पहिल्या पत्रात मी जरा वळसा घेऊन लिहिलं होतं. माझा धंदाच तो आहे, बाई. बाजारात भाजीच्या पेट्या वाहिल्या, मग दारूच्या गुत्त्यात ग्लास विसळले, शाळा जी काय झाली ती तेवढीच. जे लिहिलं ते कानांनी लिहिलं. समीक्षक म्हणतात, याची माणसं मात्र बोलतात खरी. बोलणारच. ती आधी कुणीतरी बोललेली असतात. पण मी घेतला तो आवाज. माणूस घेतला नव्हता.

निशाणाचं एवढ्यात कुणी ठरवू नका. खुनी कोण ते अजून कुणाला ठाऊक नाही.

अन्सेल्म


पॅरिस, ५ नोव्हेंबर

क्लोतील्द,

सर्व संतांच्या दिवशी तू आई-बाबांच्या थडग्यावर माझ्या नावाची शेवंतीची कुंडी ठेवली नाहीस, हे ओदीलने सांगितलं. दरवर्षी तू दोन ठेवतेस. यंदा एकच होती. समजलो.

आज लेओन्सचं पाकीट आलं. पत्ता त्याच्या हातचा, त्या आडव्यातिडव्या अक्षरांचा. वाटलं शिव्या असतील. बरं वाटलं असतं. उघडून उपडं केलं तर टेबलावर ते भोकाचं नाणं पडलं. कडेला गंज, भोकाभोवती खिळ्याच्या डोक्याचा वळ. दुसरं काही नाही.

बायको म्हणाली, “हे कसलं जुनं नाणं? आता चालत नाही.”

तिला समजावून सांगायला लागलो आणि मध्येच सोडलं. शेवटी म्हटलं, एका मित्राने उसनं घेतलेलं परत केलं.

आता खरं ते लिहितो. पहिल्या पत्रात लिहिलं, धीर धर. दुसऱ्यात लिहिलं, खुनी कोण ते कुणाला ठाऊक नाही. दोन्ही वेळा मला ठाऊक होतं. शेवटचं प्रकरण उन्हाळ्यातच लिहून झालंय आणि वाल्देकच्या कपाटात पडून आहे. वाल्देक म्हणजे कचेरीतला तो गृहस्थ, जो माझ्या कादंबऱ्या गावोगावच्या वर्तमानपत्रांना पुरवतो. त्या प्रकरणात खुनी गोंदारच आहे. नोटरीने त्याच्या बापाची जमीन बुडवली असते म्हणून. वाचकाला गोंदार आवडतो, म्हणून शेवटी तो निघाला की धक्का बसतो. एवढाच हिशेब होता. लेओन्स लोकांना आवडतो, म्हणून मी त्याचा आवाज घेतला.

नाणं खिशात घालून तसाच वाल्देककडे गेलो.

“शेवट बदलायचाय,” म्हटलं.

“कशासाठी? उत्तम शेवट आहे. पत्रं बघा किती येतायत, सगळ्यांना गोंदारच हवाय.”

“म्हणून तर. सगळ्यांना आधीच कळलंय. मग धक्का कसला?”

हा मुद्दा त्याला थोडा टोचला, पण तो पक्का माणूस. “मोस्ये रोदिये, तुम्ही आजवर एकही ओळ बदलून दिली नाहीत. आता गावच्या कुणी भुवया चढवल्या म्हणून बदलणार? मग उद्या प्रत्येक खाटीक, प्रत्येक विधवा दारात उभी राहील.”

“हा खाटीक नाही. माझा मेहुणा आहे.”

“मग तर अजिबात नको. नातेवाइकांना खूश ठेवणारा लेखक दोन वर्षांत संपतो.” मग तो म्हणाला, “मला सांगा, गोंदार खुनी नाही हे सिद्ध कशाने करणार? त्याच्या विरुद्धचा पुरावा तुम्हीच एवढा घट्ट बांधलाय. नुसतं ‘तो चांगला माणूस आहे’ म्हणून चालत नाही.”

तो म्हणाला ते बरोबर होतं. गोंदारच्या तुळईवर नोटरीचं नाणं आहे असं आता लिहिलं, तर कुणीही म्हणेल, खून झाल्यावर ठोकलं. मी तसाच परत आलो.

नाणं परत आलं म्हणजे चाकू परत जायला हवा. नियम तो नियम. आजच टपालात टाकलाय. माझ्या सगळ्या कादंबऱ्यांच्या पेन्सिली त्याने तासल्या. पातं झिजून सुरीच्या लेकरासारखं झालंय, याबद्दल लेओन्सने माफी करावी. पेन्सिल हे पात्याचं काम नव्हे, हे तो मला पहिल्यापासून सांगत होता.

अन्सेल्म


पॅरिस, १७ नोव्हेंबर

क्लोतील्द,

ओदील स्वयंपाकघरातल्या सुऱ्यांना धार लावायच्या निमित्ताने नदीवरच्या कारखान्यात जाऊन आली. निमित्तच. सुऱ्यांना धार तिने महिन्यापूर्वीच लावून घेतली होती. तिथून येऊन तिने मला फोन केला.

“लेओन्स बोलत नाही. चाक फिरवतो, पाणी उडतं, कुत्रा पायांवर झोपतो. मी म्हटलं, कॅफेत का येत नाहीस? म्हणाला, माझ्यापायी चाकू मिटायचा लोकांना त्रास कशाला. आणि त्याच्या डोक्यावर, जिथे तुझं नाणं होतं ना, तिथे पांढरा गोल दिसतो रे. सगळी तुळई दगडाच्या चिखलाने काळी ठिक्कर, आणि मध्ये तेवढा कोऱ्या लाकडाचा डोळा. बघवत नाही.”

“काय म्हणालीस? परत सांग.”

“बघवत नाही म्हणाले.”

“त्याच्या आधीचं.”

तिने परत सांगितलं. मी फोन ठेवायच्या आधी तिचे आभार मानायचे विसरलो. तू तिला एक चुंबन दे, गालावर, माझ्या हिशेबी.

माझा इन्स्पेक्टर तेव्हनो पॅरिसचा आहे. गोंदारला तो त्याच्या फळीशेजारीच उभं राहून उलटसुलट विचारतो, डोक्यावर ठोकलेली नाणी त्याला दिसतात, आणि त्याला वाटतं, गरिबाघरची शोभा. हे सगळं छापून झालंय, त्यातलं नोटरीचं कुठलं एवढंच लिहिलं नव्हतं, तेव्हा बदलायलाही लागत नाही. आता शेवटच्या प्रकरणात त्याला ओदीलसारखी एक कॅफेवाली फैलावर घेते, “नाणं कुठाय ते विचारलंत का?” तो परत कारखान्यात जातो. गोंदार म्हणतो, “आता मी काय शहाणा माणूस नाही, पण साहेब, तुम्ही इतके दिवस त्याच्याखालीच उभे होतात.” तेव्हनो म्हणतो, नाणं कुणीही काल ठोकू शकतो. मग गोंदार पक्कड घेतो आणि स्वतःच ते उपटतो. खाली पांढरा गोल. आजूबाजूला वर्षानुवर्षांचा राप. इतकं कोरं लाकूड काल-परवाच्या नाण्याखाली राहत नाही.

वाल्देकने वाचलं. पुन्हा वाचलं. “हे तुम्हाला सुचलं कसं?” म्हणाला.

“सुचलं नाही. एकाने माझं नाणं उपटलं.”

“आणि मग खून केला कुणी? मला माणूस हवाय, मोस्ये रोदिये. पांढऱ्या गोलावर कादंबरी संपत नाही.”

तो मी देतो, म्हटलं. दिला. आत्ता सांगत नाही. या वेळी खरंच काही लपवत नाही, पण तुला बाकीच्यांच्या आधी कळलं तर तू कॅफेत जाऊन चेहरा सरळ ठेवू शकणार नाहीस. शेवटचा हप्ता सणाच्या आदल्या दिवशी, शनिवारी. नोटरीचा पॅरिसहून आलेला भाचा कादंबरीत पहिल्यापासून आहे. त्याच्यावर लक्ष ठेव. त्याचे काही हप्ते अजून छापायचे होते, ते मी नव्याने लिहून दिलेत.

कमिटीला सांग, निशाणासाठी रविवार उजाडेपर्यंत थांबा.

मी सणाला येत नाही. मला बोलावलेलं नाही, आणि निशाणाच्या दिवशी लोकांनी बघायचं ते निशाणाकडे.

अन्सेल्म


पॅरिस, २ डिसेंबर

क्लोतील्द,

काल दुपारी ओदीलने मिरवणूक कॅफेसमोर आल्यावर फोन लावला आणि रिसीव्हर खिडकीतून बाहेर धरला. मी इथे खुर्ची ओढून बसलो. बायकोने सूप पुढ्यात आणून ठेवलं ते गार झालं.

आधी बँड. ट्रॉम्बोनवाला अजून तोच आहे, बाबांच्या मैतालाही अर्धा सूर मागे होता. मग बुटांचे आवाज. चढावर दम लागलेली माणसं. मग फायारचा आवाज, तो कुठेही ओळखू येतो.

“लेओन्स, निशाण सरळ धर, संत एल्वा तिरका दिसतोय!”

आणि लेओन्स, “आता मी काय शहाणा माणूस नाही, पण तुझी भिंत सरळ झाली की मी निशाण सरळ करतो.”

सगळा रस्ता हसला. मी इथे एकटा हसलो.

मग ओदीलने फोन आत ओढला. “कोण आहे फोनवर?” कुणीतरी विचारलं. “पॅरिस,” ती म्हणाली. तर एकदम आरडाओरडा झाला, “काय रे खुन्या! कसा आहेस?”, “पेन्सिल आहे का जवळ?”, “त्याला सांगा, गावात पाऊल टाकलं तर चाकू मिटू!”

म्हणजे भाच्यात मला ओळखलं. सगळ्यांनी ओळखलं. मला वाटलं होतं, निदान दोन दिवस लागतील. नोटरीचा भाचा कॅफेत कोपऱ्यात बसतो, लोकांचं बोलणं ऐकतो, ऐकलेलं परत बोलून दाखवतो तेव्हा सगळे हसतात, आणि मामाच्या टेबलावरून नेलेल्या चाकूने पेन्सिल तासून कचरा ऍशट्रेत टाकतो. तेव्हनो त्याला त्या कचऱ्यावरून पकडतो. ओदील म्हणते, वाचताना ऍशट्रेच्या ओळीशी आल्यावर तू वर्तमानपत्र मांडीवर ठेवलंस आणि म्हणालीस, “हा तर आमचाच.” आणि मग डोळे पुसलेस, रडून की हसून ते तिला कळलं नाही. मी विचारलंही नाही.

दूर कुठेतरी, फोन ठेवायच्या आधी, मला लेओन्सचा आवाज परत ऐकू आला. ग्लास समोर असताना त्याचा आवाज जसा बसका होतो तसा. “तो भाचा मला पहिल्यापासून बरा वाटत नव्हता.”

तो माझ्याशी फोनवर बोलला नाही. रिसीव्हर त्याच्याकडे नेला होता का, हे ओदीलला विचारायचा धीर झाला नाही. पण तो कॅफेत होता. ग्लास होता. चाकू उघडे होते.

नाणं माझ्या टेबलावर आहे. ते परत पाठवायचा हक्क मला नाही, हे मला कळतं. पेन्सिली हल्ली यंत्राने तासतो. टोकं मोडतात.

अन्सेल्म


पॅरिस, १२ डिसेंबर

लेओन्स,

तुला मी आजवर कधी पत्र लिहिलं नाही. शेजारच्या फळीवरच्या माणसाला लिहायची वेळ आली नव्हती.

काल खोका आला. क्लोतील्दचा हात ओळखला, दोऱ्याला सात गाठी. आत तिचं वाळवलेलं सॉसेज, एक किलोभर मसूर, आणि कागदावर तिच्या तांबड्या पेन्सिलीने एकच ओळ, “पुढच्या वर्षी दोन कुंड्या.” सगळ्यात खाली, फडक्यात गुंडाळलेला तो चाकू.

पातं तू चाकावर पुन्हा घेतलंस. इतकं झिजलेलं पातं मी फेकून दिलं असतं. तू त्यातून नवी धार काढलीस, टोक आखूड करून नीट केलंस, मुठीतला खिळासुद्धा बदललास. मी आपल्या जुन्या सवयीने बाही वर केली आणि हातावर फिरवून बघितलं. आता तिथे माझे केस नाहीत. बायको म्हणाली, “साठीच्या उंबरठ्यावर हे काय?” म्हटलं, तपासून घेतोय.

तू काही लिहिलं नाहीस ते बरं झालं. लिहिलं असतंस तर मी ते कुठल्या ना कुठल्या गोंदारच्या तोंडी घातलं असतं.

चाकू फुकट घ्यायचा नसतो. सोबत नाणं पाठवतोय. तेच. जागा त्याच्या मापाची तयार आहे, आणि भोक आधीच पडलेलं आहे. खिळा वाकायचा नाही.

अन्सेल्म